अकरा अंगठे

दिवा बारीक करा, विझवू नका. विझवला की तुम्ही घाबरता, आणि मग माझी गोष्ट चांगली झाली की अंधार चांगला झाला, ते मला कळत नाही. ए चष्मेवाल्या, मोबाईल उलटा ठेव. तुझ्या तोंडावर खालून उजेड पडला की तूच भूत दिसतोस. मग मी दुसरं कुठून आणू?

तर ज्याच्यावर हे बेतलं तो माणूस जिवंत आहे. माझ्या साडूचा मित्र. सरकारी टीव्हीत नोकरीला. पडद्यावर दिसणारी नोकरी नव्हे, तसं त्याचं तोंडही नव्हतं. डोंगरावर उंच मनोरे असतात ना, लाल दिवा लुकलुकणारे? राजधानीचं चित्र झेलून आसपासच्या गावांना वाटणारी केंद्रं? त्यातल्या एका केंद्रावर. त्याचं काम गावोगाव फिरायचं, मीटर लावून चित्र कितपत पोचतं ते बघायचं, फॉर्म भरायचा आणि खाली घरमालकाची सही नाहीतर अंगठा घ्यायचा.

आता आमचा गडी मोजायचा कमी आणि लिहायचा जास्त. फाट्यावरच्या टपरीवर एक चहा मागवायचा, तो निवेपर्यंत पाच गावांचे आकडे पाडून मोकळा. म्हणून ऑफिसात त्याला सगळे 'अंदाजे' म्हणत. "अंदाजे आला का?" "आला, अंदाजे साडेदहाला." बायकोसुद्धा त्याचं खरं आडनाव सांगताना क्षणभर थांबायची म्हणतात. तेवढं मी वाढवून सांगतोय. पुढचं नाही.

मंगळवार होता. तीस तारीख. संध्याकाळी साडेसातला साहेबांनी त्याला खोलीत बोलावलं. डोंगरावरचं केंद्र बंद करायचं ठरलं होतं. घरोघरी डिशच्या छत्र्या आल्या, हातोहात मोबाईल आले, मनोऱ्याकडे बघतो कोण? फक्त बंद करण्याआधी एकेचाळीस गावं फिरून बघायचं होतं की या केंद्रावाचून कोणाचं अडतंय का. चाळीस झाली होती.

"एक राहिलंय," साहेब म्हणाले. "खालची वस्ती."

अंदाजे लगेच म्हणाला, "साहेब, ती वस्ती आता नाही. पुरात गेली. सतरा वर्षं झाली."

"यादीत आहे."

"यादीत आहे, पण जमिनीवर नाही."

"मग जमिनीवर जाऊन तसं लिहा. आणि यंदा मोबाईलवर जागेचा शिक्का पडतो बरं का. टपरीवर बसून भरलंत तर टपरीचा पडेल. तुमच्या तीन गावांवर तसा पडलाय. मी तो पाहिला नाही. आज रात्री बाराला फॉर्म घेणं बंद होतंय, त्याच्या आत पाठवा."

साहेबांच्या मागे भिंतीवर नकाशा होता. चित्र पोचतं तो मुलूख हिरवा, नाही पोचत तो पांढरा. डोंगराच्या अगदी पायथ्याशी, नदीच्या वळणात, नखाएवढं हिरवं होतं. सतरा वर्षं अंदाजे त्या खोलीत यायचा आणि तेवढं सोडून सगळा नकाशा बघायचा.

का, ते ऐका. नाहीतर पुढचं तुम्हाला नुसतंच भूत वाटेल.

अठरा वर्षांपूर्वी त्याला त्याच वस्तीत पाठवलं होतं. अकरा घरं. मनोरा अगदी डोक्यावर, पण मधे कडा आडवा, त्यामुळे चित्र त्यांच्या डोक्यावरून पलीकडच्या गावांना जायचं. तिथं एक छोटा ट्रान्समीटर बसवायचा का, एवढं बघून यायचं होतं. हा वरच्या वळणावर पोचला. ऊन मी म्हणत होतं, पायवाट सरळ खाली, चढताना जीव निघणार. हा बसला झाडाखाली. अकरा फॉर्म भरले. चित्र स्वच्छ, आवाज स्वच्छ. आणि खाली अकरा अंगठे… सगळे स्वतःचे. डावा अंगठा. एक सरळ, एक तिरपा, एक पुसट, कोणाला संशय नको म्हणून. एवढी मेहनत खाली उतरायला केली असती तर! पण नाही.

छोटा ट्रान्समीटर दुसऱ्या गावाला गेला.

पुढच्याच वर्षी, तीस तारखेच्या रात्री, वरचं धरण भरलं. नऊ चाळीसपासून पडद्याच्या तळाशी पट्टी फिरत होती. नदीकाठच्या लोकांनो, वर जा, दरवाजे उघडतोय. काठची सगळी गावं उठली, पोराबाळांसकट वर गेली. अंदाजे घरी बसून ती पट्टी वाचत होता. त्याला आठवलं. आठवलं बरं का! त्यानं घड्याळ बघितलं, खिडकीतून बाहेर बघितलं… आणि जेवायला बसला.

अडतीस माणसं गेली.

चौकशीत त्याचेच फॉर्म निघाले. चित्र स्वच्छ, आवाज स्वच्छ. म्हणजे सूचना पोचली होती, लोकांनीच ऐकलं नाही. तसा कागद झाला. मेलेल्यांची चूक ठरली आणि कपाट बंद झालं. कुठं उरलेसुरले नातेवाईक असतील, ते सतरा वर्षं हेच ऐकत होते, की तुमच्या माणसांनी आळस केला. आळस, म्हणे!

आता कळलं, त्याला त्या हिरव्याकडे का बघवत नव्हतं? 'वस्ती नाही' एवढे दोन शब्द आज पाठवले की केंद्र बंद, कपाट बंद, प्रकरण कायमचं गाडलं गेलं. तो गाडीत बसला तेव्हा मनात हेच घोकत होता. वस्ती नाही. वस्ती नाही. तरी एका जागी बसवेना. काच खाली कर, वर कर. घड्याळ बघ. नखं खा.

गाडी चालवायला मामा होता. सगळ्या ऑफिसचा मामा, सेवानिवृत्तीला चार महिने राहिलेले. त्याच वरच्या वळणावर त्यानं गाडी थांबवली आणि किल्ली काढून मांडीवर ठेवली.

"मी खाली येत नाही," मामा म्हणाला. "माझा आणि माझ्या गुडघ्यांचा करार झालाय."

"मामा, पाच मिनिटांचं काम. सोबतीला तरी."

"सोबत कोणाची लागते तुला? तूच म्हणालास ना, खाली कोणी नाही?"

अंदाजेनं थैली उचलली. मीटर, बॅटरी, फॉर्मचं पुस्तक आणि सवयीनं आलेली शाईची डबी. मोबाईलवर बघितलं. नऊ चाळीस.

वाट सापडली. अर्ध्यावर आल्यावर बॅटरीच्या उजेडात जोती दिसली, दगडांची, गवतात बुडालेली. तो मोजत गेला. अकरा. बरं वाटलं त्याला. हसू नका, बरं वाटलं. त्यानं फोटोसाठी मोबाईल वर धरला, आणि तेव्हा वास आला. ओल्या गाळाचा. पाऊस होऊन पाच महिने झाले होते, नदी पार तळाला गेलेली.

मग डोक्यावरून कोणीतरी विचारलं.

"आलं का?"

आणि खालून, घरातून बोलावं तसं, दुसरं कोणीतरी म्हणालं,

"नाही."

"आता?"

"मुंग्या."

तुम्ही छत्रीवाली पोरं, तुम्हाला नाही कळायचं. पूर्वी एक जण छपरावर चढून अँटेना फिरवायचा आणि एक जण घरात पडद्यासमोर. चित्र नसलं की पडद्यावर नुसत्या पांढऱ्या-काळ्या मुंग्या वळवळायच्या. अंदाजेनं हे शेकडो वेळा ऐकलं होतं. पण जोत्याला छप्पर नसतं.

त्यानं बॅटरी वर केली नाही.

पलीकडून आवाज आला. "आलं का?" "नाही." नदीच्या बाजूनं. "आलं का?" "नाही." मागून. अकरा ठिकाणांहून. कोणी चिडलेलं नव्हतं. नुसतं चाललं होतं… वर्षानुवर्षं चालू असल्यासारखं. आभाळाच्या फिकट कडेवर काठ्या दिसल्या त्याला. हळूहळू फिरणाऱ्या. इकडे. तिकडे. परत इकडे.

समोर दार होतं. मघाशी नव्हतं. आतून निळसर उजेड थरथरत होता.

"आलात का, मोजणीवाले भाऊ?" दारात म्हातारी उभी होती. पदर सारखा करत म्हणाली, "या, आत या. गेल्या खेपेला म्हणे वरूनच गेलात."

पाय आत गेले. त्याला विचारून नाही गेले.

आत टीव्ही. मुंग्या. भिंतीशी माणसं बसलेली, पडद्याकडे तोंड करून. कोणी वळलं नाही. जमीन ओली होती.

"मावशी…" तो म्हणाला. "मी… फक्त मोजून…"

"मोजा की. त्यालाच तर बसलोय." मग जरा जवळ आली. "भाऊ, आज पाण्याचं काही सांगणार आहेत म्हणतात. तेवढं दिसलं म्हणजे झोपायला मोकळी. पोरं पेंगलीत."

त्यानं मीटर लावला.

शून्य.

मोबाईल बघितला. नऊ चाळीस.

"लिहा," म्हातारी म्हणाली. "काय दिसतंय ते लिहा."

त्यानं पेन काढलं. "चित्र…"

"हं?"

"चित्र… नाही."

"आवाज?"

"नाही."

अकरा फॉर्म. चित्र नाही, आवाज नाही. चित्र नाही, आवाज नाही. कोणी घाई केली नाही. बाहेर काठ्या फिरत होत्या. शेवटच्या फॉर्मखाली शेऱ्याची जागा असते. तिथं पेन थांबलं. 'वस्ती नाही' लिहायची होती ती हीच जागा. फार वेळ थांबलं. मग त्यानं लिहिलं, 'मागचे अकरा फॉर्म खोटे. मी लिहिले होते.'

सवयीनं शाईची डबी उघडली. सवयीनंच म्हणाला, "मावशी, अंगठा द्या."

म्हातारी हसली. वाईट नाही. आपण लहान पोराला हसतो तसं.

"आमचे अंगठे तुमच्याकडेच आहेत ना, भाऊ. गेल्या खेपेला तुम्हीच लावलेत आमचे. तेवढे परत द्या."

…

त्यानं डावा हात पुढं केला.

एक अंगठा येऊन त्याच्या अंगठ्याला टेकला. गार. ओला. मग गेला. दुसरा आला. जाडाभरडा, नांगर धरलेला. गेला. मग तिसरा. त्यानं डोळे मिटले होते. मोजत होता फक्त. सात. आठ. नववा फार लहान होता. "त्या दिवशी घरात मोठं कोणी नव्हतं," म्हातारी हळूच म्हणाली.

दहा.

अकरा.

"आणि पाण्याचं?" म्हातारीनं विचारलं. "काही सांगतायत का हो?"

दूर, वर, काहीतरी गडगडलं.

ती पट्टी त्याला पाठ होती. सतरा वर्षं रोज जेवताना डोळ्यापुढून फिरायची. तो उठला. आधी नुसते ओठ हलले. मग आवाज फुटला, तो एवढा की वर मामाच्या गाडीची काच हलली असेल.

"नदीकाठच्या सर्व लोकांना सूचना! रात्री धरणाचे दरवाजे उघडत आहेत! सगळ्यांनी ताबडतोब वर जावं! ऐकताय ना? वर जा! उठा! पोरं उचला! वर!"

काठ्या थांबल्या.

छपरावर कोणीतरी म्हणालं, "आलं."

पलीकडच्या छपरावर. "आलं."

मग एकेक करून. आलं… आलं… आलं…

त्यानं मोजलं. अकरा.

निळा उजेड विझला. इथला. तिथला. नदीकडचा. आणि अंधारात पावलं. अनवाणी, भराभर, त्याच्या दोन्ही अंगांनी, वर… वर… वर… एक पोर झोपेत कुरकुरत गेलं.

मग काही नाही.

मामा गाडीबाहेर उभा होता. "अरे, पाच मिनिटं म्हणालास! अकरा छप्पन्न झाले. हाका मारून घसा बसला माझा."

"वर कोणी आलं, मामा?"

"कोण येणार?"

अंदाजेनं तिथंच, बॉनेटवर फॉर्म ठेवून, एकेकाचा फोटो काढून पाठवला. शेवटचा गेला तेव्हा अकरा एकोणसाठ झाले होते. मामानं तो वाचला आणि घरी पोचेपर्यंत एक शब्द बोलला नाही. मामा गप्प, हेच मला भुतापेक्षा खोटं वाटतं, पण साडू शपथेवर सांगतो.

पुढं व्हायचं ते झालं. चौकशी पुन्हा उघडली. अंदाजेला दोन पायऱ्या खाली उतरवलं. अडतीस जणांवरचा आळसाचा ठपका कागदावरून पुसला गेला. साहेबांनी नकाशावरचं नखाएवढं हिरवं स्वतः खरवडून काढलं. आणि 'अकरा घरांत चित्र नाही' असा अहवाल वर गेल्यामुळे केंद्र बंद करायचा हुकूम अडकला तो अजून अडकलेलाच आहे. लाल दिवा दिसतो ना तुम्हाला लांबून? तोच.

फॉर्म बघताना साहेबांनी एकच विचारलं होतं. "अंगठ्याच्या जागा सगळ्या कोऱ्या. अंगठे कुठायत?"

"ज्यांचे त्यांना दिले," तो म्हणाला.

आता तुम्ही म्हणाल, भ्रम झाला असेल, मनाला खात होतं म्हणून. असेल की! मीही तसंच म्हणायचो. माझा अंगठा काय बघतोस रे चष्मेवाल्या? माझ्याला आहेत रेषा, ये मोजायला.

पण दुसऱ्या दिवशी, बुधवारी सकाळी, तो कामावर गेला. दाराशी हजेरीचं यंत्र आहे. डावा अंगठा ठेवायचा, हिरवा दिवा लागतो, आत जायचं. त्यानं ठेवला. यंत्रातली बाई म्हणाली, पुन्हा ठेवा. त्यानं पुसून ठेवला. पुन्हा ठेवा. मागे रांग लागली. कोणीतरी ओरडलं, "अंदाजे, आज तरी नीट ठेव!" त्यानं अंगठा उजेडात धरला.

नऊ बोटांना रेषा होत्या.

डावा अंगठा गुळगुळीत होता. अंड्याच्या कवचासारखा. आणि ओला.