चौदाव्या वर्षाचं मस्टर

"मस्टर गायब झालंय," खुर्चीच्या कडेवर टेकत बांधणीकाका म्हणाले, "आणि उद्या अकराला कोर्टात तारीख आहे."

वन्संनी चष्मा पुसला. वहिनींनी ओळखलं, आता जेवणाचं काही खरं नाही. नणंद तपासाची कामं घ्यायला लागल्यापासून पिशवी आणि धीर, दोन्ही सांभाळायचं काम वहिनींकडेच होतं.

काका सरकारी दप्तरखान्यात जुनी पुस्तकं बांधायचे. अठ्ठावीस वर्षं झाली, पण कागदोपत्री अजून रोजंदार. कायम करा म्हणून कोर्टात गेले, तर कार्यालयानं लिहून दिलं की चौदाव्या वर्षी हे चार महिने कामावरच नव्हते. सेवेत खंड पडला. म्हणजे आधीची सगळी वर्षं पाण्यात आणि पेन्शनही बुडालं.

"चार महिने? अहो, मुलगी झाली त्या दिवशीसुद्धा आधी सही केली, मग दवाखान्यात गेलो! बायको अजून ऐकवते."

"ती सही त्याच मस्टरात?"

"तर काय! कोर्टानं ते मागवलं आणि आठवड्यात कपाटातून नाहीसं झालं."

दप्तरखान्याच्या दारात पहारेकऱ्यानं वहिनींच्या पिशवीकडे बोट दाखवलं. "आत काय वाटेल ते न्या. बाहेर पडताना झाडून दाखवायची. साहेबांचा डबासुद्धा उघडून बघतो मी. कागदाचा कपटा जात नाही इथून."

बांधणीच्या खोलीत काकांनी कुलूप काढून खळीचं भांडं दाखवलं. वहिनींनी सवयीनं बोट बुडवलं.

"हात धुवा आधी!" दप्तर सांभाळणाऱ्या बाई ओरडल्या. "मोरचूद असतं त्यात. विष! म्हणून तर भांडं कुलपात. आणि म्हणूनच इथल्या एकाही पुस्तकाला किडा शिवत नाही."

"कपाटाच्या किल्ल्या कुणाकडे असतात?" वन्संनी विचारलं.

"एक माझ्याकडे, एक अधीक्षकसाहेबांकडे. माझा संशय असेल तर घ्या झडती. वीस वर्षांत टाचणी नेली नाही मी!"

अधीक्षकसाहेब चार महिन्यांनी निवृत्त व्हायचे होते. त्यांच्या टेबलावर भिंग घेऊन शोधलं तरी धूळ सापडली नसती.

"त्यानंच पळवलं असणार," ते म्हणाले. "सह्या नाहीत हे उघडं पडलं असतं ना!"

"अठ्ठावीस वर्षं काम केलेला माणूस असं करील?"

"काम कसलं हो? मैदा शिजवायचा न् पुठ्ठा चिकटवायचा. माझी नातसुद्धा करील. त्याला कायम नोकरी कशाला?"

काकांनी मान खाली घातली. वहिनींना साहेबांच्या टेबलावर शाई सांडावीशी वाटली.

मग फळ्यांमागून फळ्या पाहून झाल्या. दमून वहिनी एका फळीला टेकल्या आणि किंचाळल्या, "अगबाई, झुरळ! बघा, मेल्यानं या पुस्तकाची पाठ कुरतडलीये!"

पाठीवर लिहिलं होतं : पाणीपुरवठा अहवाल.

वन्सं एकदम थांबल्या. "वहिनी, तुमच्या या किंकाळीला सोन्याचं कडं घालायला हवं. बाई, दप्तरखान्याच्या संचालकबाईंना बोलवा. साहेबांनाही."

सगळे जमले. वन्सं फळीशी उभ्या राहिल्या.

"मस्टर बाहेर गेलं नाही, कारण पहारेकरी कपटाही सोडत नाही. ते नष्टही केलेलं नाही. निवृत्त होताना साहेबांना दप्तर मोजून ताब्यात द्यावं लागेल. एक कमी भरलं तर स्वतःचं पेन्शन अडायचं! म्हणून खटला संपेपर्यंत ते लपवायचं होतं. आणि पुस्तक लपवायला पुस्तकांच्या फळीसारखी जागा नाही. फक्त कव्हर बदललं."

"पुरावा?" साहेब गुरगुरले.

"झुरळ. इथल्या पुस्तकांना किडा शिवत नाही, मग याच एका पुस्तकाला कसा शिवला? कारण याच्या खळीत मोरचूद नाही. काका ते विसरणार नाहीत. या बाईंना ते ठाऊक आहे, माझ्या वहिनींना त्यांनीच हात धुवायला लावले. त्या आपल्या हातानं झुरळांना जेवायला बोलावणार नाहीत. उरली दुसरी किल्ली. काकांचं भांडं कुलपात, म्हणून खळ घरून डब्यात आली. येताना डबा कोण बघतो? 'मैदा शिजवायचा न् पुठ्ठा चिकटवायचा.' साहेब, कृती तुम्हीच सांगितलीत. त्यातली एक वस्तू तेवढी राहिली."

साहेब खुर्ची शोधू लागले. काकांच्या गैरहजेरीचे ते चार महिने त्यांनीच खोटे लिहून दिले होते.

संचालकबाईंनी खूण केली. काकांनी सुरी घेतली आणि दुखऱ्या जागेवरची पट्टी सोडवावी तसं वरचं कव्हर अलगद सोलून काढलं. आत मस्टर होतं, त्यांच्याच लाल दोऱ्यानं शिवलेलं. चौदाव्या वर्षाच्या त्या चार महिन्यांत रोज सही होती, आणि प्रत्येक सहीशेजारी मोरचुदाचा निळसर अंगठा.

दुसऱ्या दिवशी न्यायाधीशांनी पानं उलटली आणि चष्म्यावरून पाहिलं. "खंड कुठाय? सेवा अखंड आहे. सगळी वर्षं धरून कायम करा."

काकांनी हात जोडले. तेवढ्यात त्यांची बायको पुढे झाली, त्या एका तारखेवर बोट ठेवलं आणि भर कोर्टात म्हणाली,

"बघा! चौदा वर्षं सांगतेय, त्या दिवशीही हे आधी सहीलाच गेले होते!"

न्यायाधीशही हसले. आणि ते ऐकून घेताना काका पहिल्यांदाच ढसाढसा रडले.