चारात एक

"ओ मॅडम, पानं कायले चोरून राहिल्या?"

रंजिता दचकली. सडक अर्जुनीजवळच्या त्या बांधीत घोटाभर चिखलात उभी राहून ती धानाची कोवळी पानं कापून बर्फाच्या डब्यात ठेवत होती. भुरभुर पावसात धुऱ्यावर, बांधीच्या कडेच्या उंचवट्यावर, एक उंच मुलगा हसत उभा.

"चोरी नाही. या पानांतून डीएनए काढायचाय. हा जुना वाण कोणत्या जनुकामुळे इतका घमघमतो, ते शोधून राहिले."

"अन् मालकाले विचारलं?"

"कुठाय मालक?"

"तुमच्यासमोर..."

ती लाजली नाही. डबाच त्याच्या हाती दिला. "मग धरा. बर्फ वितळतोय."

खुमेंद्र बिसेनने डबा धरला. त्यानंतर गोंदियाला एम.एस्सी. करणाऱ्या रंजिताच्या कॉलेजात तो गरजेपेक्षा कितीतरी जास्त पानं पोचवत राहिला.

दिवाळीनंतर त्याने लग्नाचं विचारलं, तेव्हा ती म्हणाली, "आधी ऐक. मी सिकलसेलची, म्हणजे रक्ताच्या एका आनुवंशिक आजाराची, वाहक आहे. मला त्रास नाही, पण एक जनुक बिघडलेलं आहे. तूही तपासून घे."

त्याचे वडील लखनलाल तिच्या तोंडावरच म्हणाले, "तो रोग तुमच्या लोकायचा. आमच्या पोवारायत नसते. एक तं पोरगी बौद्धाची, वरून रक्त खराब!"

"काका, जनुकाला जात कळत नाही. तपासा तर खरं."

रिपोर्ट आला. खुमेंद्रही वाहक! घराच्या ओसरीवर रंजितासमोर लखनलाल तो कागद उलटसुलट करत राहिले. आपण जिंकलो, असं रंजिताला वाटायला हवं होतं... पण ती मागच्या अंगणात जाऊन रडली. खुमेंद्र मागोमाग आला.

"दोघंही वाहक, म्हणजे दर बाळाला तो आजार होण्याचा चारात एक धोका," ती म्हणाली. "गोड खोटं नाही बोलता येत मला."

"गर्भात तपासता येते म्हणली होतीस ना?"

"येतं. पण तेव्हा ठरवणं सोपं नसेल."

"मंग दोघं मिळून ठरवू. नाही तं दत्तक घेऊ. पण तुले सोडाची गोष्ट... ती होत नाही."

तिने डोळे पुसले आणि सरळ ओसरीवर गेली.

"काका, पुढच्या महिन्यात आम्ही कोर्टात लग्न करून राहिलो. तुम्ही अन् काकू, दोघं या."

"नाही आलो तं?"

"तरी होईल."

लखनलालांच्या देखत खुमेंद्रने तिचा हात धरला, आणि ते दोघे पुढच्या दारातून, भर दुपारी, अख्ख्या गावाच्या नजरेसमोरून चालत निघाले.