कोरडा पेला

आता जे सांगणार आहे त्यावर कोणी विश्वास ठेवणार नाही. मागच्या खेपेला हीच गोष्ट सांगत होतो, तर एक शहाणासुरता गृहस्थ अर्ध्यातून उठून गेला, तोही चपला विसरून. आत्ता समोर माझी नात बसली आहे. कॉलेजात जाते, आणि मी तोंड उघडायच्या आधीच तिने भुवया वर केल्या आहेत. करू दे. गोष्टीतला शब्द न् शब्द खरा आहे. जिथे नसेल तिथे तो खऱ्यापेक्षा बरा आहे.

तर, एक चाखणारी होती.

खाण्याचे तयार डबे विकणाऱ्या एका कंपनीत दहा माणसं नुसतं चाखण्याचा पगार घेत, त्यांतली ही सगळ्यांत धाकटी. तिची जीभ अशी, की पाण्याचा एक घोट घेऊन ते कितव्या मजल्यावरच्या नळाचं आहे ते सांगायची. एकदा बिस्किटाचा तुकडा तोंडात धरून म्हणाली, "पीठ मळणारा आज कोणावर तरी जाम चिडलाय." चौकशी केली तर खरंच, त्याची सासू मुक्कामाला आली होती. घरीही तेच. आई ताट वाढून विचारायची, "कसं झालंय गं?" ही म्हणायची, "साडेसहा." एका तरुणाने तिला मोठ्या हौसेने बाहेर जेवायला नेलं आणि शेवटी लाजत विचारलं, "आणि मी कसा वाटलो?" तिने थोडा विचार केला. "सुरुवात बरी होती. मागे कडवटपणा राहतो." तो तरुण नंतर दिसला नाही. तिचे वडील तेवढे रूपाने, बुद्धीने आणि विशेषतः खरं बोलण्याने साऱ्या पंचक्रोशीत नावाजलेले होते. पण तो विषय वेगळा.

चाखायची खोली म्हणजे एका रांगेत दहा अरुंद कप्पे. प्रत्येकात एक स्टूल आणि एक लाल दिवा. दिवा लाल अशासाठी, की पदार्थाचा रंग बघून कोणाचं मन फितू नये. समोरच्या भिंतीत पुस्तकाएवढी सरकती झडप, आणि तिच्या पलीकडे स्वयंपाकघर. झडप उघडायची, वाटी आत यायची, झडप बंद. वाटीवर नाव नाही, तीन आकडे. अंगाला अत्तर लावायचं नाही, पलीकडच्याशी बोलायचं नाही, आणि सगळ्यांत मोठा नियम म्हणजे गिळायचं नाही. घास चावायचा, जिभेवर फिरवायचा, आणि झाकणाच्या पेल्यात थुंकून टाकायचा. पोट भरलं की जीभ खोटं बोलते, असं प्रमुखबाईंचं म्हणणं. पेले झडपेतूनच परत जायचे, तिकडे त्यांचं वजन व्हायचं. सहा वर्षांत चाखणारीच्या पेल्याचं वजन एकदाही कमी भरलं नव्हतं.

एका सोमवारी तिची झडप अर्ध्यावर अडकली.

अर्ध्या झडपेतून तिला दोन हात दिसले. मोठे, शांत हात. डाव्या मनगटाला पुदिन्याचं एक पान चिकटलेलं.

"अडकलीय," पलीकडून आवाज आला. मग जरा थांबून, "झडप. मी नव्हे."

ती पुदिन्याच्या पानाकडे बघत राहिली.

"तुमच्या बाजूने जरा ढकलाल का?"

"बोलायचं नसतं," ती म्हणाली.

"मग तुम्ही आत्ता काय केलंत?"

"नियम सांगितला."

"नियम बोलून सांगितलेला चालतो?"

"…एकदा."

"बरं झालं बाई, सांगितलंत. मी नवा आचारी, आजच लागलो. आणखी एखादा नियम असेल तर तोही—"

तिने चमच्याच्या दांड्याने झडपेला एक ठोसा दिला. झडप खाडकन बंद झाली. पुदिन्याचं पान मात्र अलीकडे पडलं होतं. तिने ते उचलून हुंगलं आणि मनात नोंद केली: ताजं, सात. मग तिच्या लक्षात आलं, पान हा नमुना नव्हताच. त्याला गुण द्यायचं काही कारण नव्हतं.

या आचाऱ्याला कंपनीने एकाच कामासाठी आणलं होतं: जाळीवर भाजलेल्या कोंबडीचं सॅलड, आग्नेय आशियाकडच्या चवीचं. तीन गुरुवारी तीन परीक्षा. दहा जणांच्या गुणांची सरासरी तिसऱ्या गुरुवारी सात भरली तर तो कायम. नाही भरली तर शुक्रवारी त्याने आपल्या सुऱ्या कापडात गुंडाळायच्या आणि निघायचं.

पहिल्या गुरुवारी तिने दिले चार. शेऱ्याच्या रकान्यात लिहिलं, 'गवती चहा चघळावा लागतो. कोंबडी सुरीने कापली आहे, सगळा रस सुरीने प्यायला.' दहाही जणांचे शेरे कचेरीत टाइप होऊन, नावं गाळून, आचाऱ्याकडे जात.

शुक्रवारी झडप उघडली. कसलंसं सूप आलं आणि मागोमाग हळूच आवाज आला, "सुरीला समज दिली आहे. पुढच्या वेळी हाताने फाडीन."

"तो शेरा माझा कशावरून?"

"बाकीचे नऊ जण 'बरं आहे' लिहितात. तुम्ही भांडता."

"मी भांडत नाही. चव सांगते."

"मग तुम्ही भांडता तेव्हा काय होतं?"

तिने झडप लावून घेतली. सूपला पाच दिले. खरं म्हणजे त्याला पाचच पडत होते, पण तिने दोनदा चाखून खात्री करून घेतली, आणि दोनदा चाखायची वेळ तिच्यावर सहा वर्षांत आली नव्हती.

दुसऱ्या गुरुवारी कोंबडी हाताने फाडलेली होती. गवती चहाचा कोवळा गाभाच तेवढा घेऊन लसणाबरोबर वाटलेला, त्यात फिश सॉस, आणि ते सगळं रात्रभर मांडीच्या तुकड्यांना चोळून ठेवलेलं. तिने दिले सहा. 'लिंबू घाबरत पिळलं आहे. ताडगूळ त्याला दटावतो. भाजलेले तांदूळ कुटून घालायचे राहिले. पुदिना कालचा.'

"पुदिना आजचा होता," शुक्रवारी झडप म्हणाली.

"कालचा."

"सकाळी सहाला मी स्वतः घेतला."

"विकणाऱ्याने काल तोडला."

"…विचारून येतो."

शनिवारी झडप उघडली. "परवाचा निघाला."

"म्हणजे मी चुकले."

"एका दिवसाने." आवाजात हसू होतं. "एवढं चालेल मला."

लाल दिव्याखाली ती हसली. कोणाला दिसायचा प्रश्नच नव्हता, पण तरी तिने तोंडावर हात धरला.

मग रोजचंच झालं. वाटीबरोबर दोन वाक्यं, पेल्याबरोबर दोन. तिला त्याचं तोंड माहीत नव्हतं, उंची माहीत नव्हती. माहीत होते हात, आणि आवाज, आणि तो कुठल्या दिवशी नीट झोपला नव्हता ते— रश्शातल्या मिठावरून. त्याला तर तिचे हातही नीट दिसले नव्हते, झडपेच्या सावलीत सगळं लालच.

बुधवारी त्याने विचारलं, "उद्या सरासरी सात नाही आली तर शुक्रवार शेवटचा. ठाऊक आहे ना?"

"ठाऊक आहे."

"तुम्ही मात्र वाढवून देऊ नका."

"देणारही नव्हते."

"म्हणूनच तर सांगायची हिंमत झाली."

तिसऱ्या गुरुवारी काय झालं ते ऐका, आणि हसायचं असेल तर आत्ताच हसून घ्या. त्याने कोळशावर जाळी ठेवली आणि कोंबडीच्या मांड्या अशा भाजल्या की तिसऱ्या मजल्यावरच्या हिशेबनिसाच्या मिशा त्या वासाने आपोआप वळल्या. कच्चे तांदूळ कोरडे, बदामी होईस्तोवर भाजून त्याने खलबत्त्यात भरड कुटले. तो ठोका ऐकून समोरच्या इमारतीतले लोक जेवायची वेळ झाली समजून कामं टाकून उठले. लाल मिरच्या चिरल्या तेव्हा दोन खात्यांची सर्दी कायमची गेली. मग पातळ चिरलेले छोटे कांदे, त्या पहाटे त्याच्यादेखत तोडलेला पुदिना, कोथिंबीर, शेंगदाण्याचा कूट, आणि शेवटी लिंबू. ते त्याने कोंबडी गरम असतानाच पिळलं, अजिबात न घाबरता.

झडप उघडली. वाटी आली. झडप मिटली.

चाखणारीने घास तोंडात घेतला. आधी लिंबू आलं आणि तिची पाठ सरळ झाली. मागून धूर आला, मग माशाचा खारटपणा, दुरून हाक मारल्यासारखा. त्याला ताडगुळाने हळूच खाली बसवलं. मिरची उशिरा आली आणि थांबली. तांदूळ दाताखाली कुरकुरले. ती गुण लिहायला लागली, नऊचा आकडा काढला, तिच्या हातून निघालेला पहिलाच नऊ. मग तिने वाटीकडे पाहिलं. वाटी रिकामी होती. पुसून घेतल्यासारखी.

आणि पेला कोरडा.

ती पेल्याकडे बघत बसली. आयुष्यात पहिल्यांदा जिभेने तिला न विचारता काही केलं होतं.

झडप उघडली. हात आला आणि त्याने पेला उचलला. उचलताना जरा थबकला.

"यात काही नाही," तो म्हणाला.

"नाही."

"सांडलं?"

"नाही."

"मग गेलं कुठे?"

शेजारच्या कप्प्यात कोणीतरी पेल्यात थुंकलं. याहून नाजूक संगीत त्या खोलीत नव्हतं.

"…खाल्लं," ती म्हणाली.

"सगळं?"

"सगळं."

"किती दिलेत, ते नाही विचारत." तो जरा घुटमळला. "पाणी ओततो यात. वजन बरोबर भरेल. कोणाला कळणार नाही."

"मला कळेल."

"तुमचा कागद बाद होईल. आणि…"

"आणि तुम्ही जाल. ठाऊक आहे." तिचा आवाज नेहमीसारखाच सपाट होता, फक्त जरा सावकाश. "पाणी ओतलंत तर तो नऊ माझा राहणार नाही. द्या इकडे पेला."

त्याने दिला. पेला देताना त्याची बोटं तिच्या बोटांना लागली. दोघांनीही हात मागे घ्यायला, घड्याळात मोजलं तर, तीन सेकंद लावले. गोष्टीत मोजलं तर चार-पाच दिवस.

प्रमुखबाई टेबलाशी बसून बेरीज करत होत्या. चाखणारीने कोरडा पेला त्यांच्यासमोर ठेवला.

"गिळलंस?"

"हो."

"किती?"

"पेल्यात काहीच नाही. म्हणजे…"

बाईंनी चष्मा काढला. "तुझा नऊ धरून बेरीज सत्तर. दहा जणांत बरोबर सात. तुझा कागद काढला तर एकसष्ट, नऊ जणांत. सात होत नाहीत. कळतंय ना काय करतेयस?"

"कळतंय. नियम आहे."

बाईंनी कागदावर रेघ मारली. सॅलड नापास झालं.

"आणखी एक सांगायचं होतं," चाखणारी म्हणाली. "ज्या आचाऱ्याशी आपला… संबंध असेल, त्याचं चाखायला बसता येत नाही. असाही नियम आहे. तर माझी जागा…"

बाईंनी तिच्याकडे वरपासून खालपर्यंत पाहिलं. "संबंध आहे?"

"ते अजून त्याला विचारायचं आहे."

"अगं वेडे," बाई म्हणाल्या आणि चष्मा परत लावला, "तो उद्यापासून इथे नाहीच. मग तुझ्या जागेला काय धाड भरलीय? जा, विचार जा."

शुक्रवारी संध्याकाळी ती पहिल्यांदाच इमारतीच्या मागच्या अंगाला गेली, स्वयंपाकघराच्या दाराशी. एक उंच, जरा पोक काढून चालणारा माणूस काखेत सुऱ्यांची गुंडाळी आणि हातात डबा घेऊन बाहेर आला. तिने आधी हात पाहिले. मग वर पाहिलं.

"तुम्ही," ती म्हणाली.

"आवाज तोच," तो म्हणाला. "मला वाटलं होतं तुम्ही लाल असाल."

"नोकरी गेली तुमची. माझ्यामुळे."

"सात नाही आले तर जायचं, हे आधीच ठरलं होतं. पुढच्या चौकात एक गाळा बघून ठेवलाय, जाळी ठेवण्यापुरता." त्याने डबा पुढे केला. "कालच्याच पद्धतीने केलंय. उजेडात बघितलं नाहीत ना तुम्ही कधी?"

तिने झाकण काढलं. हिरवा पुदिना, गुलाबी कांदा, जाळीच्या तपकिरी रेघा, लाल मिरची. इतके रंग असतील असं तिला वाटलंच नव्हतं. पायरीवर बसून तिने घास घेतला. गिळला.

"किती?" तो तिच्याशेजारी बसला, थोडं अंतर ठेवून.

"बोलायचं नसतं."

"मग मान हलवा. मला असं विचारायचंय की… रोज माझ्या हातचं खाल का? पेल्याशिवाय?"

तिने बराच वेळ चावलं. मग मान हलवली, आणि ते थोडं अंतर कोणी मिटवलं ते मला माहीत नाही, मी तेव्हा दुसरीकडे बघत होतो.

लग्नाला आता बारा वर्षं झाली. गाळ्याचं चांगलं उपाहारगृह झालं आहे. ती अजून लाल दिव्याखाली बसते, संध्याकाळी त्याच्याकडे जेवते. आणि त्या दिवसापासून आजतागायत तिने त्याच्या हातच्या एकाही घासाला नाव ठेवलेलं नाही. एकदाही नाही. दोघांत चवीवरून कधी शब्द म्हणून—

"थांबा, आजोबा! हे साफ खोटं! परवाच कोंबडी खारट झाली म्हणून मावशी काकांशी दोन दिवस बोलत नव्हती. आणि दुसऱ्यांदा मीठ तुम्हीच टाकलं होतंत, मी बघितलंय!"