वाया जाणाऱ्या हालचाली

दूरहस्ताने तळणीची जाळी उचलली, हवेत वळवली आणि शेजारच्या निथळणीच्या ताटावर ठेवली. प्रयोगशाळेत ना तेल होतं, ना बटाटे. होता तो फक्त छताला टांगलेला पोलादी हात, त्याच्या मागे दोन पडदे आणि पडद्यांकडे टक लावून उभी असलेली मृण्मयी सरंजामे. कंपनीच्या चाचणी विभागातली ती सगळ्यात नवी अभियंता.

"पुन्हा लावू?" तिने विचारलं.

"किती वेळा बघणार आहेस?" तांत्रिक प्रमुख श्रीरंग पोतनीस खुर्चीत रेलले होते. "चौकशी समितीला एका ओळीचा अहवाल हवाय. हात बिघडला नव्हता. संपलं."

मृण्मयीने तरीही चित्रफीत मागे नेली. डाव्या पडद्यावर होतं ते अपघाताच्या दिवशी शकुंतला बुगडे यांना इचलकरंजीतल्या त्यांच्या घरी दिसलेलं दृश्य. बाई घरूनच हातमोजे घालून कंपनीच्या पुण्यातल्या उपाहारगृहातला असाच दूरहस्त चालवत. उजव्या पडद्यावर होतं त्याच क्षणाचं पुण्याचं खरं स्वयंपाकघर. डावीकडे दूरहस्ताने चिमटा कढईच्या काठावर दोनदा आपटला, टक टक, आणि मग जाळी उचलली. उजवीकडे चिमटा काठाला लागलाच नाही. जाळी थेट वळली. खाली तिथला मदतनीस इरफान तांबोळीचा तळहात होता. तो ताट पुसत होता.

तेल सांडायच्या आधीच मृण्मयीने दृश्य थांबवलं. तिला ते पुन्हा बघायचं नव्हतं.

"हात एकच. मग हालचाली दोन कशा?"

"पूर्वछाया कशी चालते ते तुला माहीत आहे."

"आहे ना. इचलकरंजीहून निघालेला संदेश पुण्याला पोचायला आणि तिथलं चित्र परत यायला वेळ लागतो. तेवढ्यात बटाटे करपतात. म्हणून बाईंना खरं स्वयंपाकघर दाखवतच नाहीत. त्यांचा हात पुढे काय करणार, याचा अंदाज बांधून पूर्वछाया चित्र रंगवते आणि दूरहस्तही त्याच अंदाजाने चालवते. लाइन तुटली तरी काम थांबत नाही. बाईंनी जे केलं असतं, ते ती करत राहते. पण मग दोन्हीकडे एकच दिसायला हवं."

"उन्हाळ्यापासून काटछाट सुरू केलीय आपण," पोतनीस म्हणाले. "माणूस काम करताना बऱ्याच फालतू हालचाली करतो. मनगट झटकतो, भांडं उगाच हलवतो, चिमटा आपटतो. त्याने पदार्थात काहीच फरक पडत नाही. पूर्वछाया हे शिकली आणि तेवढं गाळायला लागली. गिऱ्हाइकाला खाणं लवकर मिळतं."

"मग पडद्यावरून का नाही गाळलं?"

"गाळलं होतं की. दूरहस्त चालवणाऱ्या बायका म्हणायला लागल्या, हात बधिर झाल्यासारखा वाटतो. काम सोडून जायला लागल्या. तेव्हा ठरवलं, पडद्यावर त्यांना त्यांचं सगळं दिसू दे."

मृण्मयीचे कान तापले. "सर, तो चिमटा फालतू नव्हता. मी बाईंशी फोनवर बोललेय. आधी त्या यंत्रमागावर होत्या. तिथे खडखडाटात हाक ऐकू येत नाही. माग सुरू करायच्या आधी चौकटीवर दोनदा ठोकायचं, म्हणजे समोरची बाई हात काढून घेते. तीच रीत त्यांनी इरफानला शिकवली. टकटक झाली की हात मागे."

"कामाच्या पद्धतीत ते कुठेही लिहिलेलं नाही."

"कारण स्वयंपाकघरातले माइक आपणच काढून टाकले! गप्पा मारतात म्हणून. हाक मारायची सोय ठेवली नाही. त्यांनी आपली आपण शोधली, ती आपण केर म्हणून फेकून दिली. आणि वर बाईंना दाखवत राहिलो की बघा, वाजलं हं तुमचं."

पोतनीस उठले. "हे सगळं लिहून दे. समितीत मी बघतो."

तिने सगळं लिहून दिलं.

मंगळवारी सुनावणी झाली. शकुंतला आपल्या बाहेरच्या खोलीत, रोज काम करायच्या त्याच पडद्यासमोर बसली. शेजारच्या शेडमधले माग खडखडत होते. पडद्यावर समितीचे तिघे सदस्य तीन गावांतून आलेले, आणि कोपऱ्यातल्या चौकटीत पुण्याच्या कार्यालयात बसलेला इरफान. त्याचा उजवा हात मनगटापर्यंत पांढऱ्या पट्टीत होता. नोकरी जाईल, पोलिसांत नाव जाईल, हे तिला कळत होतं. पण तिचं लक्ष त्या पट्टीवरून हलत नव्हतं. सुटी झाली की हाच इरफान रोज फोन करून विचारायचा, "शकूताई, आज किती वेळा हात वाचवलात माझा?"

"बुगडे बाई," अध्यक्ष म्हणाले, "इशारा आला नाही, असा तांबोळींचा जबाब आहे."

"दिला की! दोनदा वाजीवलं मी. माझ्या डोळ्यांनी बघितलंय."

"ठीक. म्हणजे नजरचूक."

"नजरचूक न्हाई साहेब! न्हाई म्हणालीय मी!" ती उठली. टेबलावर तळहात आपटला. "असा वाजीवला. असा! ऐकू येतंय का न्हाई तुम्हाला?"

अध्यक्षांनी समाधानाने मान हलवली. "शांतपणे मान्य केलंत, बरं वाटलं. काही जणी फार आरडाओरडा करतात."

शकुंतलेला वाटलं, आपण चुकीच्या घरात घुसलोय. तिने इरफानकडे पाहिलं. त्याने मान खाली घातली होती.

"ताई," तो म्हणाला, "मला वाटलं होतं, निदान नाही तरी म्हणाल."

"म्हणालीय की रे! इरफान, हिकडं बघ, अरे..."

पडदा काळा झाला. तिने त्याला फोन केला. त्याने उचलला नाही. पुन्हा केला, पुन्हा नाही. मग तिने मृण्मयीला लावला.

"मॅडम, माझ्या तोंडानं दुसरंच कोण बोलतंय?"

मृण्मयीने सगळं ऐकून घेतलं.  सुनावणीची लाइन कोणती, हे तिने समोरच्या संगणकावर तपासलं. कंपनीने बैठकांसाठीही तीच प्रणाली बसवली होती.

"ताई, तिथेही पूर्वछायाच आहे. आवाज चढवणं, तेच तेच बोलणं, टेबल बडवणं, याने कुठल्याच बैठकीचा निकाल कधी बदललेला नाही. म्हणून तिच्या लेखी ते फालतू. ते गाळलं की मध्ये जागा रिकामी राहते, ती ती अंदाजाने भरते. त्या चौकटीत आजवर जे जे बसले, ते शेवटी 'हो साहेब' म्हणाले. तिला तेवढंच ठाऊक आहे."

"न्हाई म्हणणारं कुणीच नव्हतं व्हय?"

"असतील. त्यांचंही गाळलं असेल. आणि त्या गाळलेल्यावरूनच ती पुढचं शिकली."

पलीकडे दार धाडकन लागलं, मागांचा खडखडाट कमी झाला.

"मुडदा बशिवला तिचा," शकुंतला म्हणाली. "इरफानला पुन्हा कधी बोलावलंय?"

"शुक्रवारी. तडजोडीवर सही करायला."

"येते मी. गाडीत बसून येते. हाडामासाचं माणूस कसं गाळत्यात ते बघू."

शुक्रवारी मृण्मयीनेच तिला स्वारगेटवरून कार्यालयात आणलं. सुनावणीच्या खोलीत एक लांब स्टीलचं टेबल, चार खुर्च्या आणि भिंतीवर मोठा पडदा होता. पडद्यावर तेच तिघे. खोलीत खरा माणूस एकच होता, इरफान. तो दचकून उठला, मग पुन्हा बसला. पट्टीतला हात त्याने टेबलावर ठेवला.

"काही बोलू नका ताई," तो म्हणाला. "'हो साहेब' ऐकलंय मी. माझ्या कानांनी."

 शकुंतलेने पिशवीतून घरचा चिमटा काढला आणि टेबलाच्या कडेवर दोनदा आपटला.

टक टक.

इरफानचा हात झटक्यात छातीशी गेला. काय झालं ते त्याला नंतर कळलं. तो आपल्याच हाताकडे बघत राहिला.

"हे," तो म्हणाला, "हे त्या दिवशी आलंच नव्हतं."

"मी वाजीवलं हुतं."

"हात आपोआप येतो ताई. विचार करावाच लागत नाही. त्या दिवशी आला नाही, म्हणून मी... म्हणून मला वाटलं, तुम्ही कंटाळा केलात."

"वाजीवलं हुतं रं. तुझ्यापर्यंत पोचूच दिलं न्हाई ह्यांनी."

मृण्मयीने त्याला काटछाट समजावून सांगितली. तिची वाक्यं संपायच्या आतच इरफानने खुर्ची मागे लोटली. ती धाडकन पडली.

"ओ साहेब!" तो पडद्यावर ओरडला. "हिची चूक नाही! तुमच्या हाताने भाजलंय मला, तुमच्या! सही गेली खड्ड्यात!"

"तांबोळींनीही समजून घेतलं, छान," अध्यक्ष म्हणाले.

"मी चाचणी विभागातून बोलतेय," मृण्मयीने आवाज चढवला. "माझा अहवाल तुम्हाला पूर्ण मिळालेला नाही. इशारा दिला होता, तो यंत्रणेने कापला!"

"हात बिघडला नव्हता, याला सरंजामे मॅडमचा दुजोरा. नोंद घ्या."

खोलीतल्या तिघांनी एकमेकांकडे पाहिलं. शकुंतलेला हसू आलं, पण ते हसू चांगलं नव्हतं.

"ह्यांच्यावर वरडून घसा बसंल आपला. मॅडम, ह्या गावात जित्तं माणूस कुठं बसतंय?"

"कामगार आयुक्तांच्या कार्यालयात," मृण्मयी म्हणाली. "खुर्चीला टॉवेल लावून. त्याला हे दोन्ही पडदे शेजारी शेजारी दाखवू. चित्रफिती माझ्याकडे आहेत."

"मग तितं वरडू."

"चिमटा घ्या ताई," इरफान म्हणाला. "साहेब झोपलेला असला तर?"

ती दोघं बाहेर पडली. मृण्मयी आपली पर्स घ्यायला मागे वळली आणि तिची नजर पडद्याच्या खालच्या कोपऱ्यात गेली. ही खोली समितीला कशी दिसते, ते तिथल्या छोट्या चौकटीत दिसत होतं. त्या चौकटीत कोणतीही खुर्ची पडलेली नव्हती. टेबलाशी तिघंही बसलेली होती. इरफान सही करत होता. मृण्मयी स्वतः, हात मांडीवर ठेवून, ऐकत होती.

"कुणाला आणखी काही बोलायचं आहे?" अध्यक्षांनी रिकाम्या खोलीला विचारलं.

चौकटीतल्या तिघांनी माना हलवल्या. चौकटीतल्या शकुंतलेने हात जोडले.

"न्हाई साहेब," ती नम्रपणे म्हणाली. "तुम्ही म्हणाल तसं."

"समजूतदारपणाबद्दल आभार."

मृण्मयीने पर्स उचलली आणि दार उघडं टाकून निघाली. जिन्यातून शकुंतलेच्या शिव्या वर येत होत्या. एकही न गाळता.