तिसरा डबा

“रीळ हातात आलं की आधी उजेडाला धरायचं. डब्यावरचं मग वाचायचं.” उमेदवारीत संकलक उस्तादांनी दिलेली ही ताकीद इंद्रसेनच्या हाडीमाशी खिळली होती. आता तो सेन्सॉर मंडळाचा तपासनीस होता, आणि मातारा गावच्या चित्रगृहातून पौर्णिमेला तिसरा डबा नाहीसा झाला होता.

मंडळानं वर्षानुवर्षं अडवलेला तो चित्रपट नुकताच ‘फक्त प्रौढांसाठी’ म्हणून सुटला होता. तिसऱ्या रिळात नायिका निरूपमाचं नदीवरचं स्नान होतं. निरूपमा आता हयात नव्हती, आणि प्रत एवढीच उरली होती.

दिग्दर्शक तिस्स वल्पोल कडवटपणे म्हणाला, “कात्रीनं जमलं नाही, म्हणून तुमच्याच लोकांनी चोरी केली.”

इंद्रसेननं चौथा डबा उघडून फीत खिडकीशी धरली. नदी, ओलं वस्त्र, निरूपमा. म्हणजे मंडळातून परत येताना दोन डब्यांतल्या रिळांची अदलाबदल झाली होती! गेलं होतं ते चौथं रीळ, ज्यात ती लेकराला अंगाई गाते.

राखणदार सांगत होता की पौर्णिमेला खेळ बंद, परकं कुणी फिरकलं नाही. विहारात अष्टशील, म्हणजे पौर्णिमेचं आठ नियमांचं व्रत, घेतलेल्या बायका तेवढ्या दुपारी व्हरांड्यात टेकल्या होत्या. त्यांत निरूपमाची आई, सोमावती अम्माही होती.

इंद्रसेन तिच्या घरी गेला.

“अम्मा, सिनेमाच्या धंद्यातला चोर फीत उजेडाला धरल्याशिवाय नेत नाही. त्या दिवशी न बघता नेईल ते अष्टशील पाळणारंच माणूस. त्याला खेळ-तमाशा बघणं वर्ज्य.”

“आकडा वाचला आणि पदराआड नेलं. लेकीला तशी गावानं बघायला नको.”

“चोरी न करण्याचंही शील असतं ना?”

“ते मोडलंच की, बाळा. एक मोडलं म्हणून दुसरंही मोडायचं?”

रीळ चुलीत गेलं होतं. त्यात काय होतं, हे त्यानं हळूच सांगितलं. अम्मानं चिमट्यानं चुलीतली राख उकरली.

“अंगाई होती?” एवढंच तिनं विचारलं.

तिस्सनं तक्रार मागे घेतली, पण उरलेल्या रिळांचा खेळ शुक्रवारी होणारच होता. मंडळाचा शिक्का परत घेता येत नव्हता. इंद्रसेननं तेही तिच्या कानावर घातलं.

“नात पंधराची आहे. आईला बघायचंय म्हणते. दारात वय कोण विचारतंय?”

“मी विचारीन, अम्मा.”

शुक्रवारी तिकीटखिडकी उघडण्याआधीच इंद्रसेननं चपला घातल्या आणि कुणाला न सांगता चित्रगृहाच्या वाटेला लागला.