एक्केचाळीस नंबरचं घर

लाइट गेली, तसा सुतारकाकांनी रंधा बाजूला ठेवला. दोघे पुतणे आणि शेजारची पोरगी दुकानातल्या जाड फळीच्या बाकावर दाटीवाटीने बसली होती.

"काका, मास्तरांची गोष्ट सांगा. पण खरी ना?" धाकट्याने विचारलं.

"खोटी असती तर रंगवून सांगितली असती. मास्तर माझ्या वर्गातले. ते जेवढं बोलले तेवढंच सांगतो."

मास्तर राहायचे इथेच, शहरात. शिकवायला जायचे बारा किलोमीटरवरच्या गावात. गाव कसलं, मूठभर घरं. ओढ्याच्या अलीकडे वरची आळी, पलीकडे खालची, टेकाडावर शाळा. शिवेवर एक दगड. त्याच्यापुढे शेजारचं मोठं गाव.

त्या वर्षी जनगणना निघाली आणि गावाची मोजणी मास्तरांच्याच गळ्यात पडली. चौकटीवर खडूने घराचा नंबर टाकायचा, आतली माणसं मोजायची, नंबरखाली तो आकडा लिहायचा. काम सोपं, पण त्यात एक मेख होती. तीनशेच्या आत माणसं भरली, तर गाव मोठ्या गावात विलीन होणार. म्हणजे शाळेला कुलूप, आणि चिल्ल्यापिल्ल्यांना रोज सहा किलोमीटरची पायपीट.

मास्तरांची बेरीज आली दोनशे नव्याण्णव. तीनदा केली. दोनशे नव्याण्णव.

"एक डोकं वाढवा की मास्तर," किराणा दुकानदार म्हणाला. "पेनाला काय ओझं होणारे?"

"नसलेलं माणूस कुठून आणू?"

"माझ्या सासूला बोलावतो. ती एकटी तिघांना भारी आहे."

सगळे हसले. मास्तरांना हसू आलं नाही. पटावरची अकरा पोरं त्यांच्या डोळ्यांपुढून हलत नव्हती.

एकच आशा उरली होती. अठ्ठावीस फेब्रुवारीच्या रात्री उघड्यावर झोपणाऱ्यांची मोजणी असते. बाराच्या ठोक्याला जो गावात सापडेल आणि दुसरीकडे मोजलेला नसेल, तो त्या गावचा.

मास्तरांनी रात्री साडेदहाला मोटारसायकल काढली. बायको म्हणाली, "आपल्याकडची मोजणीवाली संध्याकाळीच येऊन गेली. तुम्ही ड्युटीवर म्हटल्यावर म्हणाली, मग त्यांना तिकडेच धरतील. दारावर तीनच लिहून गेली."

"म्हणजे मी आज बेघर," मास्तर म्हणाले आणि निघाले.

एसटीचा थांबा रिकामा. शाळेचा ओटा रिकामा. मास्तर शोधत शोधत शिवेपर्यंत आले. पावणेबारा वाजले होते.

दगडाजवळ एक घर होतं.

दार उघडं. चौकटीवर खडूने नंबर, ४१. मास्तरांना आठवलं, जुन्या यादीत एक्केचाळीस घरं होती, यंदा चाळीसच भरली होती. म्हणजे हे सुटलं होतं! त्यांचा जीव भांड्यात पडला.

आत काळोखात एक म्हातारी खुर्चीवर बसली होती.

"या मास्तर. उशीर केलात."

"आजी, घरात किती जण?"

"कुणी नाही."

"अहो, तुम्ही आहात ना?"

"मला मोजलं की. मागच्याच्या मागल्या वेळी. आता कशी मोजाल?"

मास्तरांचं पेन थांबलं. त्यांनी टॉर्चचा उजेड वर केला. खुर्ची रिकामी...

"एकच कमी पडतोय ना?" आवाज आता मागून आला. दारापासून.

मास्तर वळले. दार लागलेलं.

"वाजले किती?"

अकरा अठ्ठावन्न.

"दोनच मिनिटं. बसा ना... पोरांची शाळा राहील."

मास्तर कडी चाचपत राहिले. कडी नव्हती. भिंत नुसती... गार. मग काय झालं, ते त्यांना कधीच सांगता आलं नाही. भानावर आले तेव्हा मोटारसायकलवर होते, शहराच्या रस्त्याला. बारा वाजून पाच मिनिटं.

सकाळी जाऊन बघतात तर शिवेवर नुसता दगड.

मास्तर सरळ माणूस. त्यांनी दोनशे नव्याण्णवच लिहून दिले. सहा महिन्यांनी छापील आकडा आला. तीनशे. गाव राहिलं, शाळा राहिली. मास्तरांनी कुणाला काही विचारलं नाही.

पण त्याच दिवशी त्यांच्या घराच्या दारावरचा तीन गेला होता. तिथे खडूने ४१. खाली १. अक्षर मास्तरांचं. पुसलं, परत आलं. मग मला बोलावलं. मी दोनदा रंधा मारला. परत आलं. शेवटी दारच बदललं, तेव्हा कुठे थांबलं.

दहा वर्षांनी पुढची मोजणी. त्या रात्री मास्तर घरातच झोपले होते. बायकोने स्वतः कडी लावली. सकाळी... अंथरूण रिकामं. चपला दाराशी. कडी आतून तशीच.



"आणि गावाचा आकडा?" पोरीने विचारलं.

"तीनशे."

"काका... ते जुनं दार?"

काकांनी तिघांकडे पाहिलं. मग तिघांच्या खाली.

"सागवान होतं," ते हळूच म्हणाले. "टाकवेना."

तिघंही एकदम उठली. थोरल्याने बाक उलटा केला. धाकट्याने मोबाइलचा उजेड धरला.

४१. खाली १.

पोरीने बोट लावलं. बोटाला खडू लागला.