डोळ्यातला ठिपका

प्रयोगशाळेच्या पडद्यावर नायिकेचा एकच डोळा भिंतभर पसरला होता. तो केरबा डवरींनी तरुणपणी कॅमेऱ्यात टिपलेला. आता त्यांची ऐंशी उलटली होती, आणि त्या डोळ्यातून त्यांना आपली गेलेली बायको बघायची होती.

जन्मभर त्यांनी नट्यांचे चेहरे उजळून दाखवले. हौसाचा मात्र एकही फोटो काढला नाही. घरचंच माणूस, कधीही काढू, म्हणता म्हणता ती गेली. अलीकडे तिचा चेहराही नीट आठवेना.

"काका, डोळा म्हणजे गोल आरसा," डॉ. फरीदा मुजावर म्हणाल्या. "समोरचं सगळं त्यात पडतं. आमचं बिंबशोधक यंत्र ते उलगडून दाखवतं. हे बघा, कॅमेऱ्यामागं तुम्ही."

"काय ध्यान दिसतोय मी! अन् हौसा? त्या दिवशी दिवेवाला आला नव्हता. ती डबा घेऊन आली, तर तिच्याच हातात दिवा दिला. शेजारीच हुती बघा."

शेजारी नुसता पांढरा ठिपका होता. नायिकेच्या डोळ्यात जीव आणणारा. त्या ठिपक्याचं लोकांनी केवढं कौतुक केलं होतं!

"झोतामागचं काही उरत नाही, काका. यंत्राला तिथं वाचायला काहीच नाही."

"म्हंजे मीच पुसली तिला."

फरीदाबाईंनी ठिपका मोठा करून पाहिला. "पण दिवा हातात होता ना? हातातला दिवा श्वासागणिक हलतो. नायिकेची हालचाल वजा केली, की उरेल तो काकूंचा श्वास."

यंत्र चाललं. ठिपका ढिम्म हलेना.

"स्टँडवर तर नव्हता?"

"न्हाई." केरबाकाकांनी मान हलवली. "दिवा हलवायचा न्हाई, एवढंच सांगितलं हुतं मी. श्वास धरला असंल तिनं."

'कट'नंतरही फिल्म थोडी फिरली होती. फरीदाबाईंनी मूळ रिळातला तो तुकडा लावला. ठिपका एकदम खाली आला. मग वर गेला. पुन्हा खाली.

केरबाकाका पडद्याजवळ जाऊन उभे राहिले.

"आता सुरुवातीपासनं लाव, पोरी."

शॉट सुरू झाला तसा त्यांनी छाती भरून श्वास घेतला आणि धरून ठेवला. शॉट लांबलचक होता. त्यांनीच हट्टानं लांबवलेला. मानेच्या शिरा फुगल्या, डोळ्यांत पाणी आलं, आणि मध्येच त्यांचा श्वास सुटला.

पडद्यावर ठिपका अजून जागचा हलला नव्हता.